दादानं लावलेला दिवस

माझ्या उजव्या हाताची दोन बोटं आता पेरभर आखूड आहेत. लोक विचारतात, "थंडीनं गेली काय?" मी हो म्हणून मोकळी होते. पण उगाच थंडीवर आळ घालावा असं मला मनातून वाटत नाही. अंटार्क्टिकात थंडी असते हे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे, आणि तिनं माझ्यापासून कधी काही लपवलं नव्हतं. माझी बोटं उजेडानं गेली, आणि तो उजेड माझ्या सख्ख्या भावानं तयार केला होता.

मी प्रणोती मगदूम, कोल्हापूरच्या उद्यमनगरातली. अप्पांचं लेथचं वर्कशॉप होतं. इतर मुली मेंदी काढत होत्या त्या वयात मी शाफ्टवर बोट फिरवून तो कुठं खडबडीत राहिलाय हे सांगायची. अप्पा मुद्दाम गिऱ्हाइकासमोर माझे डोळे झाकायचे आणि म्हणायचे, "आता विचारा आमच्या पोरीला." बोटाच्या टोकाला जे कळायचं त्यावर माझा सगळा संसार उभा होता. लग्नाचा संसार म्हणत नाही मी. तो मांडायला मला सवडच झाली नाही.

दादा, म्हणजे डॉ. सन्मती मगदूम, माझ्यापेक्षा मोठा. त्याला लेथचा आवाज सहन व्हायचा नाही. तो शिकायला पुण्याला गेला, तिथून परदेशी गेला, आणि थंडीत माणसाचं शरीर कसं वागतं या विषयातला मोठा माणूस होऊन परत आला. अंटार्क्टिकात 'अगस्ती' हे नवं स्टेशन उभं राहिलं तेव्हा तिथल्या बर्फगाड्या सांभाळायला मेकॅनिक हवा होता. दादानं माझं नाव सुचवलं. मला केवढा अभिमान वाटला होता!

आईला काळजी पडली ती थंडीची नव्हती. आमच्या जैन घरात सूर्य मावळायच्या आत जेवायचं. दिवेलागण झाली की चूल बंद. आणि अगस्तीवर ऐन हिवाळ्यात दोन महिने सूर्य उगवतच नाही.

"मग पोरीनं दोन महिने उपाशी राहायचं काय रं?" आईनं दादाला विचारलं.

दादा हसला. "आई, तिथं मी दिवे लावणार आहे. माझे दिवे लागले की दिवस उगवला, आणि बंद झाले की मावळला. प्रणोतीनं तेवढ्यात जेवायचं. झालं?"

आईनं बस्तीतल्या, म्हणजे आमच्या जैन मंदिरातल्या, पंडितजींना विचारलं. ते म्हणाले, जिथं सूर्यच नाही तिथं मनाचा नियम. मला दादाचा नियम पटला. माझा दिवस माझा भाऊ उगवणार, याहून चांगलं काय असतं?

*

त्या दिव्यांना सगळं स्टेशन 'ऊबदिवे' म्हणायचं. उंच खांबांवर बसवलेले, केशरी उजेडाचे. त्यांच्याखाली उभं राहिलं की चुलीपुढं बसल्यासारखं वाटायचं, आणि गंमत म्हणजे दिव्यातून ऊब अशी येतच नव्हती. खांबाला हात लावला तर हात चिकटून बसेल एवढा तो गार.

दादानं मला हे एकदा समजावून सांगितलं होतं. थंडी नुसती कातडीला वाजत नाही. कातडीकडून निरोप येतो, आणि तो किती मनावर घ्यायचा हे मेंदू ठरवतो. ते ठरवताना मेंदू डोळ्यांचंही ऐकतो. लालसर पिवळ्या उजेडात बसलेल्या माणसाला त्याच हवेत जराशी जास्त ऊब वाटते. ही 'जराशी' दादानं खूप वाढवली होती. शिवाय डोळ्यात काही पेशी अशा असतात की त्यांना आकार दिसत नाही. आत्ता दिवस आहे की रात्र एवढंच त्या मेंदूला सांगतात. आभाळाच्या निळ्या उजेडानं त्या जाग्या होतात. दादाच्या दिव्यातल्या केशरी उजेडात निळ्या उजेडाचे इतके बारीक ठोके मिसळलेले होते की ते दिसायचे नाहीत. म्हणजे अंगाला वाटायचं ऊब आहे, डोक्याला वाटायचं सकाळ आहे. अंधारात आणि गारठ्यात माणूस मंदावतो, हातून वस्तू पडतात, चुका होतात. ऊबदिव्याखाली तसलं काहीच होत नव्हतं. मी खुल्या हवेत नटबोल्ट असे आवळायची की जणू उद्यमनगरात उभी आहे.

"आणि बोटातलं रक्त?" मी विचारलं होतं. कारण थंडीत शरीर आधी आतलं घर वाचवतं आणि ओसरी सोडून देतं, बोटांकडचं रक्त आखडून घेतं, हे आम्हाला येण्याआधीच शिकवलं होतं.

"त्यासाठी तर विश्रांती आहे," दादा म्हणाला. "ठरावीक वेळानं दिवे आपोआप मंदावतील. मंदावले की सगळ्यांनी आत यायचं, शेकायचं, चहा घ्यायचा. चार थर कपड्यांच्या बाह्या वर करून घड्याळ कोण बघत बसणार?"

मला ते पटलं. खरंच कोण बघत बसणार!

*

मनगटावर घड्याळ बघणारा आमच्यात एकच होता. रफीक मुजावर, साताऱ्याचे, जनरेटरचे इलेक्ट्रिशियन आणि बाहेरच्या कामातले माझे जोडीदार. त्यांनी घड्याळ सगळ्या बाह्यांच्या वर, पट्टा लांबवून बांधलं होतं. त्यात वेळ साताऱ्याची.

"इथं सूर्य न्हाई म्हणून नमाज थोडाच चुकवायचा?" ते म्हणायचे. "साताऱ्यात तर त्यो उगवला आसंलच की."

"तुम्ही साताऱ्याच्या सूर्यावर, मी दादाच्या दिव्यावर," मी म्हणायची. "बघू कुणाचा टिकतो."

बाहेर जोडीनं जायचं आणि अधूनमधून एकमेकांचं तोंड बघायचं हा स्टेशनाचा रिवाज. थंडी चावली की नाकाच्या शेंड्यावर, गालावर पांढरा डाग पडतो. ज्याचं त्याला कळत नाही, समोरच्याला दिसतं. "नाक दाखवा," रफीकभाई म्हणायचे, मी तोंड पुढं करायची. ऊबदिव्याखाली सगळेच हळद लागलेल्या नवरीसारखे तुकतुकीत दिसायचे. "झ्याक!" म्हणून आम्ही परत कामाला लागायचो.

एकदा डिझेलच्या टाक्यांपाशी काम करताना रफीकभाई थबकले.

"ताई, एक इचारू? आधी माझ्या असरच्या नमाजाची वेळ आणि तुमचा दिवा मंदावायची वेळ एकच यायची. आता असर हून जाती आणि दिवा ढिम्म हालत न्हाई."

"तुमचं घड्याळ थंडीनं पुढं पळतंय, रफीकभाई."

"थंडीनं घड्याळ मागं पडतं वो, पुढं न्हाई."

"मग काय माझा दादा खोटं बोलतोय?" मी जरा फणकाऱ्यानंच म्हणाले.

 ते हळूच म्हणाले, "तसं म्या कुठं म्हनलं?" आणि नमाजासाठी आत गेले. बाकीचेही कुणी चहाला, कुणी बिडीला मधूनच सटकायचे. दिवा मंदावेपर्यंत बाहेर थांबणारी मी एकटी. भुकेनं पोटात कावळे ओरडायला लागायचे, पण दिवस अजून आहे म्हटल्यावर जेवणाची घाई कसली? नेमानं वागणाऱ्या माणसाला फसवणं किती सोपं असतं, हे मला तेव्हा माहीत नव्हतं.

*

डिझेल ओढणारी गाडी टाक्यांपाशीच चाकांभोवतीच्या लोखंडी पट्ट्याची पिन तुटून बसली. ती तिथून हलवता येईना, आणि स्टेशनला डिझेल तर हवंच. मी आणि रफीकभाई कामाला लागलो. पिन बसवताना छिद्राला छिद्र जुळलंय की नाही हे बोटानंच बघावं लागतं. मी वरचे जाड हातमोजे काढले आणि आतल्या पातळ मोज्यांवर काम सुरू केलं. असं काम आम्ही आधीही केलं होतं. वेळ थोडा असला तर त्यात धोका नव्हता. आणि वेळ सांगायला डोक्यावर दिवा होता.

मध्येच जनरेटरचं बोलावणं आलं म्हणून रफीकभाईंना जावं लागलं. जाताना त्यांनी माझं नाक बघितलं. "झ्याक हाय. पर आता आत चला की."

"दिवा आहे अजून. एवढी पिन बसवते."

मला छान वाटत होतं. इतकं छान की मी गुणगुणत होते. बोटं दुखत नव्हती, थरथरत नव्हती. पिन बसली. मी तिच्या डोक्यावर बोट फिरवलं, अप्पांनी शिकवलं होतं तसं, आणि मला काहीच कळलं नाही. पिन आहे की नाही हेसुद्धा नाही. मी परत फिरवलं. मला वाटलं, वंगण जास्त झालंय.

मग कधीतरी दिवा मंदावला.

आत आल्यावर डॉ. मृदुला हर्डीकरांनी माझे मोजे काढले. त्या स्टेशनच्या डॉक्टर आणि त्या हिवाळ्याच्या प्रमुखही. त्यांच्या खोलीत साधा पांढरा उजेड होता. त्या उजेडात माझी तर्जनी आणि मधलं बोट मेणबत्तीसारखी दिसत होती. पांढरी, टणक. टेबलावर आपटली असती तर टकटक वाजली असती.

"एवढं होईपर्यंत दुखलं नाही तुला?" डॉक्टरीणबाईंनी विचारलं.

"छान वाटत होतं," मी म्हणाले.

कोमट पाण्यात बोटं घातली आणि रक्त परतायला लागलं, तेव्हा जे दुखलं ते मी लिहीत नाही. पुढं शेंडे काळे पडले. ते वाचणार नाहीत हे बाईंनी मला हळुवारपणे, पण स्पष्ट सांगितलं आणि पेरभर कापून काढले.

दादा रोज यायचा. उजवा हात बांधलेला, म्हणून स्वतःच्या हातानं मला भरवायचा. वरण-भात कालवून घास करायचा, आई करायची तसा. त्याचे डोळे भरून यायचे. "मोजे काढलेस कशाला गं?" एवढंच म्हणायचा. आणि मला स्वतःचीच लाज वाटायची. वाटायचं, हलगर्जीपणा माझाच. भावाच्या एवढ्या चांगल्या कामाला माझ्यामुळं डाग लागला. मी त्याचीच समजूत घालत होते!

*

हात जरा बरा झाल्यावर मी गॅरेजमध्ये जाऊन बसायला लागले. दादाच्या उजव्या मोज्याची शिवण उसवली होती आणि तो माझ्या बाकावर टाकून गेला होता. त्याची फाटकी कामं लहानपणापासून माझ्याकडंच. डाव्या हातानं जमतंय का बघावं म्हणून मी मोजा उचलला, उजव्या हातात सरकवला आणि सुई आणायला गॅरेजच्या थंड कोठीत गेले.

मोजा किर्र किर्र करायला लागला.

मी दचकून काढला. परत घातला. आखूड बोटांच्या खुंटांपाशी आत काहीतरी थरथरत होतं. उबेत आले तर थांबलं, कोठीत गेले तर परत सुरू. उसवलेल्या शिवणीतून अस्तराखाली एक बारीक पट्टी दिसली. बोट किती गार पडलंय ते बघून इशारा देणारी. सगळ्यांना मोजे एकाच ठिकाणाहून मिळाले होते. मी माझे आणले, रफीकभाईंचे आणले, कोठीत नेऊन धरले. मुके.

मी तिथंच एका डब्यावर बसले. रफीकभाईंच्या असरचं बोलणं मला आठवलं. मग माझ्या भुकेचं आठवलं. मग सगळंच आठवलं.

दादाच्या खोलीत जाऊन मी मोजा त्याच्या टेबलावर ठेवला. "ह्यात काय हाय?"

"जुना नमुना आहे. चाचणीचा."

"दिवा लांबवलास तू?"

 त्यानं उठून दार लावलं. दादाला माझ्याकडून काही हवं असलं की त्याची पुण्याची भाषा गळून पडते, आणि तशी ती तेव्हा गळली.

"पनू, बस. ऐक माझं. थोडा थोडा लांबवला. रोज जरा जरा. कळू नये म्हणूनच."

"माझ्यापासनं लपवलास?"

"सगळ्यांपासनं. पर बाकीचे मधनंच आत पळायचे. शेवटपर्यंत थांबायचीस ती तू. माणूस किती वेळ हात न थरथरता काम करतो, ते मला तुझ्यामुळं कळलं. डोंगरातले बोगदे, सरहद्दीचे रस्ते, किती लोकांना ह्याचा उपयोग हाय, इचार कर."

"सांगून करता आलं नसतं?"

"सांगितलं की माणूस घड्याळ बघतो. घड्याळ बघितलं की त्याला आत यावंसं वाटतं."

"आणि दुखत न्हाई, पांढरं पडलेलं दिसत न्हाई, हे तुला ठाव होतं?"

त्यानं स्वतःच्या डाव्या हाताची करंगळी चोळली. "इथं यायच्या आधी प्रयोगशाळेतल्या थंड खोलीत चाचणी घेतली तवा माझीच करंगळी गेली असती. मला कळलंच न्हाई. तवापासनं हे मोजे."

"एकच जोड होता?"

"पेटीभर हाईत."

"मग दिले का न्हाईस?"

"वाजले असते, पनू," दादा म्हणाला, जणू मीच अडाण्यासारखं विचारत होते. "वाजले की सगळे आत आले असते."

मला रडू आलं नाही. संताप आला, इतका की पांढरी पडलेली बोटंसुद्धा त्यानं उबली असती. मी विचारलं, "मीच का? इथं एवढी माणसं असताना मला कोल्हापुरातनं का आणलास?"

"तुझ्यासारखा हात न्हाई कुणाचा."  मग तो खरं बोलला. "आणि दुसऱ्या कुणी प्रश्न इचारला असता."

मी जायला उठले तेव्हा त्यानं माझा धड हात धरला. "बाईंना सांग, मोजे तू तुझ्या मनानं काढलेस. ते काय खोटं न्हाई. घरातली गोष्ट घरात राहू दे. आईला काय वाटंल?"

ते खोटं नव्हतंच. मोजे मीच काढले होते. त्या एका खऱ्या वाक्याच्या आड दादाचं नाव, आईचा अभिमान, त्याचे दिवे, सगळं सुखरूप राहिलं असतं. आणि पुढच्या स्टेशनात, पुढच्या बोगद्यात दुसरं कुणीतरी गुणगुणत पिन बसवत राहिलं असतं. मी हात सोडवून घेतला आणि तशीच डॉक्टरीणबाईंकडं गेले.

*

खरं बोललं की लोक टाळ्या वाजवतात असं कुणी सांगितलं तर त्यावर विश्वास ठेवू नका. बाईंनी ऊबदिवे काढून साधे पांढरे दिवे लावायला सांगितले, दादाला बाहेरच्या कामापासून दूर केलं आणि ती पेटी फोडून मोजे वाटले. पहिल्याच दिवशी सगळे कुडकुडत, दात वाजवत आत आले. "चांगली ऊब होती, मगदूमबाईंनी घालवली," हे मी माझ्या कानांनी ऐकलं.  रफीकभाईंनी मात्र मोजा घातलेला हात माझ्यापुढं धरला. तो किरकिरत होता.

"मला तर काय वाटंना," ते म्हणाले. "पर ह्यो म्हणतोय तर चला आत." आणि आम्ही आत गेलो.

त्यांच्याकडून मी एक जुनं घड्याळ मागून घेतलं आणि त्यात कोल्हापूरची वेळ लावली.

त्या आठवड्यात आईचा फोन आला. पडद्यावर ती, इकडं आम्ही दोघं शेजारी. बोटांचं तिला कळवलं होतं. कशी गेली ते अजून नव्हतं. तिनं नेहमीचंच विचारलं, "जेवलात काय रं दोघं, दिवसाउजेडी?"

"जेवलो की," दादा घाईनं म्हणाला.

"आई," मी म्हणाले, "मी आता कोल्हापूरच्या सूर्यावर जेवते. तुमच्याकडं मावळला की माझं पान बंद."

"बरं केलीस बाई! पर मग दादाच्या दिव्याचं काय झालं?"

"ते दादाला विचार," मी म्हणाले आणि उठून बाहेर आले. दार मुद्दाम ओढून घेतलं. 

*

सूर्य परत येतो त्या दिवशी स्टेशनातले सगळे बाहेर जमतात. कुणी शिरा करतं, कुणी झेंडा धरतं. आम्हीही जमलो. दादा गर्दीच्या कडेला एकटा उभा होता. मग तो हळूहळू सरकत माझ्याजवळ आला. आम्ही लहानपणी ग्रहण बघायला असेच गच्चीवर उभे राहायचो. तो मला काजळी धरलेली काच द्यायचा आणि सांगायचा, मी म्हणेन तेव्हाच वर बघ. मी तसंच करायची.

क्षितिजावर लाल कड आली. सगळे ओरडले. कुणी रडलं. बर्फावर केशरी उजेड पसरला, आणि माझ्या गालाला ऊब लागल्यासारखी वाटली.

"बघ पनू," दादा म्हणाला, "हा काय मी लावलेला न्हाई."

मला त्याच्याकडं बघवलं नाही. मी सूर्याकडं बघितलं. मग बाही सरकवून, बाहेर येऊन किती वेळ झाला ते घड्याळात बघितलं, आणि आत निघाले.